बुटात लपवलेली वही

विद्यार्थी मित्रांनो, युरोपचा नकाशा समोर घ्या. काळ्या समुद्राच्या वरच्या बाजूला एक मोठा देश दिसेल. त्याचे नाव युक्रेन. क्षेत्रफळाने हा देश आपल्या महाराष्ट्राच्या जवळजवळ दुप्पट आहे. नीपर नावाची मोठी नदी उत्तरेकडून दक्षिणेकडे या देशाच्या मधून वाहत जाते. तिच्या काठी कीव्ह हे राजधानीचे शहर आहे. येथील जमीन सपाट आहे. माती काळी आणि कसदार आहे. गहू भरपूर पिकतो.

कीव्ह शहराच्या मध्यभागी एक विशाल चौक आहे. तेथील लोक त्याला काय म्हणतात, ठाऊक आहे? ‘मैदान’! होय, तुम्ही उर्दूत म्हणता आणि आम्ही मराठीत म्हणतो, तोच हा शब्द. फारसीतून तो आपल्याकडे आला आणि तुर्की भाषा बोलणाऱ्या लोकांकडून तो युक्रेनमध्ये पोहोचला. त्या चौकाचे पूर्ण नाव आहे ‘स्वातंत्र्य मैदान’.

‘स्वातंत्र्य’ हा शब्द त्या नावात सहज आलेला नाही. शेकडो वर्षे जगाच्या नकाशावर युक्रेन नावाचे राज्य नव्हते. राजा दुसरा, कायदा दुसऱ्याचा, शाळेतली भाषाही दुसऱ्याची. मग हे लोक ‘आपण एक आहोत’ हे विसरून कसे गेले नाहीत? नकाशावर नसलेला देश त्यांनी कोठे सांभाळून ठेवला? या प्रश्नाचे उत्तर आपण आज शोधणार आहोत.

फार जुन्या काळी कीव्ह ही एका बलाढ्य राज्याची राजधानी होती. इ. स. १२४० मध्ये मंगोल फौजांनी ते शहर उद्ध्वस्त केले. त्यानंतर हा प्रदेश हळूहळू लिथुएनिया आणि पोलंड यांच्या राजांच्या ताब्यात गेला. जमिनी सरदारांच्या झाल्या आणि शेतकरी त्यांचे बांधील झाले. आठवड्यातले कितीतरी दिवस त्यांना सरदाराच्या शेतावर फुकट राबावे लागे.

ज्यांना हे सहन झाले नाही, ते दक्षिणेकडे पळाले. नीपर नदीच्या पात्रात तेव्हा मोठमोठे खडक होते. त्यांच्यावरून पाणी जोराने आदळत जाई. त्या खडकांच्या पलीकडे ओसाड गवताळ प्रदेश होता. तेथे कोणाचीच नीट सत्ता चालत नसे. पळून आलेल्या या लोकांना ‘कोसॅक’ म्हणू लागले. हा शब्द तुर्की भाषांमधला आहे. त्याचा अर्थ मोकळा, कोणाचा ताबेदार नसलेला माणूस. त्यांनी तेथे तटबंदीची छावणी उभारली. तिला ‘सीच’ म्हणत. तुमच्या भाषेचे ‘उर्दू’ हे नावही छावणी या अर्थाच्या तुर्की शब्दावरूनच आले आहे, हे तुम्हांला माहीत असेल.

सीचमधले कोसॅक एकत्र जमून सभा घेत आणि आपला प्रमुख निवडत. चुकला तर त्याला काढूनही टाकत. युरोपात बहुतेक ठिकाणी राजाचा मुलगा राजा होत असे, त्या काळातली ही गोष्ट आहे.

इ. स. १६४८ मध्ये बोहदान ख्मेल्नित्स्की या कोसॅक सेनापतीने पोलंडविरुद्ध उठाव केला. क्रिमियाच्या तातार खानाचे घोडदळ त्याच्या मदतीला आले. शेतकरी हातात मिळेल ते हत्यार घेऊन त्याला मिळाले. पोलंडच्या फौजा हरल्या आणि कोसॅकांचे स्वतःचे राज्य उभे राहिले. त्यांच्या प्रमुखाला ‘हेटमन’ म्हणत.

पण मित्रांनो, इतिहास वाचताना फक्त विजय वाचून चालत नाही. या उठावात हजारो निरपराध ज्यू लोक मारले गेले. ते काही राजे नव्हते. बहुतेक जण साधे कारागीर, दुकानदार होते. स्वातंत्र्याच्या लढ्यावरचा हा डाग आहे आणि तो झाकून ठेवणे योग्य नाही.

चारही बाजूंनी शत्रू असल्यामुळे ख्मेल्नित्स्कीने १६५४ मध्ये रशियाच्या झारशी, म्हणजे सम्राटाशी, करार केला. कोसॅकांना वाटले, आपल्याला रक्षण करणारा मित्र मिळाला. झारला वाटले, आपल्याला नवी प्रजा मिळाली. एकाच कराराचे दोघांनी दोन अर्थ घेतले. पुढची सगळी भांडणे यातूनच निघाली.

पुढे इव्हान माझेपा या हेटमनने झार पीटर याची साथ सोडली आणि स्वीडनच्या राजाशी हातमिळवणी केली. १७०९ मध्ये पोल्ताव्हाच्या लढाईत दोघांचाही पराभव झाला. कोसॅकांचे अधिकार एकेक करून काढून घेण्यात आले. १७६४ मध्ये हेटमनचे पदच रद्द झाले. १७७५ मध्ये सम्राज्ञी कॅथरिन हिच्या सैन्याने सीच मोडून टाकली. सीचचा शेवटचा प्रमुख पेत्रो काल्निशेव्स्की याला दूर उत्तरेकडच्या थंडगार बेटावरील एका मठात कैदेत ठेवले. पंचवीस वर्षांनंतर, १८०१ मध्ये, त्याला माफी मिळाली. तेव्हा त्याने वयाची शंभरी ओलांडली होती. तो घरी परतला नाही. त्याच मठात राहिला आणि दोन वर्षांनी वारला.

तलवारीचा लढा येथे संपला. याच सुमारास पोलंडचे राज्यही शेजाऱ्यांनी वाटून घेतले. युक्रेनचा बराच मोठा भाग रशियाच्या साम्राज्यात गेला. पश्चिमेकडचा लहान भाग ऑस्ट्रियाच्या साम्राज्याला मिळाला. आता या लोकांजवळ राज्य नव्हते, सैन्य नव्हते, राजधानीही नव्हती. उरली होती फक्त एक गोष्ट. ती म्हणजे त्यांची भाषा.

ही भाषा खेड्यांत बोलली जाई. आया तिच्यात अंगाई गात. ‘कोबझार’ नावाचे फिरते गायक वाद्य वाजवत गावोगाव हिंडत आणि कोसॅकांच्या पराक्रमाची गाणी म्हणत. यांतले पुष्कळ गायक अंध असत. आपल्याकडे शाहीर पोवाडे गातात, तसेच हे. (मराठीतला ‘शाहीर’ आणि तुमच्या उर्दूतला ‘शायर’ हे मूळचे एकच शब्द आहेत बरे का!) शहरांतली शिकलेली माणसे मात्र या भाषेला खेडवळ म्हणत. सरकारी अधिकारी तर तिला वेगळी भाषाच मानायला तयार नव्हते. ही रशियनचीच एक बिघडलेली बोली आहे, असे ते म्हणत.

१७९८ मध्ये इव्हान कोत्ल्यारेव्स्की याचे एक विनोदी काव्य छापले गेले. त्यात प्राचीन काळचे वीर चक्क कोसॅकांसारखे वागतात आणि खेड्यातल्या भाषेत बोलतात! लोक पोट धरून हसले. पण हसता हसता त्यांच्या लक्षात आले, की आपल्या घरातली भाषा पुस्तकातही शोभून दिसते. आधुनिक युक्रेनियन साहित्याची सुरुवात येथून झाली.

आता ज्याच्या वहीची गोष्ट सांगायची, त्या माणसाकडे वळू.

९ मार्च १८१४ रोजी एका खेड्यात तारास शेव्हचेन्को याचा जन्म झाला. त्याचे आईवडील भूदास होते. भूदास म्हणजे जमीनदाराच्या मालकीचा शेतकरी. जमीन विकली, की तिच्यावरची माणसेही नव्या मालकाची होत. तारास लहान असतानाच आधी आई गेली, मग वडील गेले. त्याला चित्रे काढण्याचा नाद होता. मालकाने त्याला घरगडी म्हणून ठेवले आणि आपल्याबरोबर रशियाची राजधानी सेंट पीटर्सबर्ग येथे नेले. तेथे काही चित्रकारांनी आणि लेखकांनी या मुलाचे गुण ओळखले. पण तो स्वतंत्र नव्हता. मालकाने त्याची किंमत अडीच हजार रूबल सांगितली. तेव्हा ब्र्युलोव्ह या नामवंत चित्रकाराने एक चित्र काढले. त्या चित्राची सोडत काढून पैसे जमवले गेले. अशा रीतीने १८३८ मध्ये, वयाच्या चोविसाव्या वर्षी, शेव्हचेन्को स्वतंत्र झाला.

एका चित्राच्या किमतीत एक माणूस सुटला. पण त्याचे भाऊ आणि बहिणी अजून भूदासच होत्या. हे तो कधी विसरला नाही. १८४० मध्ये त्याचा ‘कोबझार’ हा कवितासंग्रह प्रसिद्ध झाला. शेतकऱ्यांचे दुःख, कोसॅकांच्या आठवणी आणि स्वातंत्र्याची ओढ त्याने साध्या, घरगुती युक्रेनियन भाषेत मांडली. ज्यांना वाचता येत नव्हते, त्यांनी त्या कविता ऐकून पाठ केल्या.

कीव्हमधील काही तरुणांनी एक गुप्त मंडळ स्थापन केले होते. भूदासांची मुक्तता व्हावी आणि सर्व स्लाव्ह लोकांनी समानतेने एकत्र नांदावे, असे त्यांचे स्वप्न होते. शेव्हचेन्कोही त्यांच्यात मिसळत असे. १८४७ मध्ये पोलिसांनी या तरुणांना पकडले. शेव्हचेन्कोच्या कवितांत झारवर टीका होती. म्हणून त्याला सर्वांत कडक शिक्षा झाली. त्याला साधा शिपाई बनवून दूरच्या लष्करी ठाण्यावर पाठवले. झारने स्वतःच्या हाताने त्या हुकुमात आणखी एक अट लिहिली : याला लिहिण्याची आणि चित्रे काढण्याची बंदी असावी.

विचार करा. कवीला लिहायची बंदी आणि चित्रकाराला चित्रे काढायची बंदी! पण शेव्हचेन्कोने कागदाच्या लहान लहान वह्या शिवल्या. तळहातावर मावतील एवढ्या. त्यांत तो बारीक अक्षरांत कविता लिही आणि वही बुटात लपवून ठेवी. त्या वह्या आजही जपून ठेवलेल्या आहेत.

दहा वर्षांनी, १८५७ मध्ये, त्याची सुटका झाली. पण तब्येत खचली होती. १० मार्च १८६१ रोजी त्याचे निधन झाले. त्यानंतर काही दिवसांतच भूदासांच्या मुक्ततेचा जाहीरनामा लोकांना वाचून दाखवण्यात आला. ज्या बातमीची त्याने जन्मभर वाट पाहिली, ती ऐकायला तो राहिला नाही. पुढे त्याचे शव युक्रेनमध्ये आणून नीपरच्या काठावरील एका टेकडीवर पुरण्यात आले. ते ठिकाण लोकांचे तीर्थ झाले.

सरकारला आता या भाषेची भीती वाटू लागली. १८६३ मध्ये व्हालुयेव्ह या मंत्र्याने एक गुप्त परिपत्रक काढले. अशी वेगळी भाषा नव्हती, नाही आणि असू शकत नाही, असे त्यात म्हटले होते. सामान्य लोकांसाठीची आणि शाळेची पुस्तके या भाषेत छापायला मनाई झाली. जी भाषा अस्तित्वातच नाही, तिच्यावर बंदी कशाला घालायची, हे मात्र मंत्रिमहाशयांनी सांगितले नाही!

१८७६ मध्ये झार दुसरा अलेक्झांडर याने याहून कडक हुकूम काढला. युक्रेनियनमध्ये पुस्तके छापायची नाहीत, बाहेरून आणायची नाहीत, नाटके करायची नाहीत. गाण्याच्या सुरावटीखाली या भाषेतले शब्दसुद्धा छापायचे नाहीत.

मित्रांनो, तुमच्या दप्तराकडे पाहा. त्यात उर्दूची पुस्तके आहेत आणि हे मराठीचे पुस्तकही आहे. दोन्ही शेजारी शेजारी राहतात. मराठी शिकण्यासाठी तुम्हांला उर्दू टाकून द्यावी लागत नाही. मराठी येत असल्यामुळे तुमची उर्दू काही कमी होत नाही. त्या काळच्या युक्रेनमधल्या मुलांचे तसे नव्हते. रशियन भाषा शिकण्यात काहीच वाईट नव्हते. ती मोठी, संपन्न भाषा आहे. पण शाळेच्या दारात पाऊल ठेवताना आईची भाषा बाहेर ठेवून या, असे त्यांना सांगितले जात होते. दुःख याचे होते.

मग लोकांनी काय केले? त्यांना सीमेपलीकडची वाट सापडली. ऑस्ट्रियाच्या साम्राज्यातही युक्रेनियन लोक राहत होते, हे आपण पाहिले. तेही गरीब होते, पण तेथे त्यांची भाषा छापायला मनाई नव्हती. ल्विव्ह हे तिकडचे मुख्य शहर. तेथे १८६८ मध्ये ‘प्रोस्वीता’ नावाची संस्था निघाली. प्रोस्वीता म्हणजे ज्ञानाचा प्रसार. या संस्थेने गावोगावी वाचनालये उघडली. ज्याला वाचता येई, तो मोठ्याने वाची आणि बाकीचे ऐकत. १८७३ मध्ये शेव्हचेन्कोच्या नावाने आणखी एक संस्था स्थापन झाली. कीव्हचे लेखक आपले लिखाण ल्विव्हला पाठवू लागले. तेथे छापलेली पुस्तके चोरवाटेने सीमेपार येऊ लागली. एका वहीने सुरू केलेले काम आता हजारो हात करत होते.

१८९४ मध्ये मिखाइलो ह्रुशेव्स्की हा तरुण प्राध्यापक ल्विव्हच्या विद्यापीठात आला. त्याने युक्रेनचा सविस्तर इतिहास लिहायला घेतला. पुढे त्या ग्रंथाचे दहा खंड झाले. आपल्याला स्वतःचा इतिहास आहे, हे त्याने कागदपत्रांच्या आधाराने दाखवून दिले. १९०५ मध्ये खुद्द सेंट पीटर्सबर्गच्या विज्ञान अकादमीने मान्य केले, की युक्रेनियन ही स्वतंत्र भाषा आहे. विद्वानांनी मंत्र्याला खोटे पाडले! त्याच सुमारास जुनी बंदीही सैल झाली.

१९१४ मध्ये पहिले महायुद्ध सुरू झाले. युक्रेनियन तरुण दोन्ही बाजूंच्या सैन्यांत होते. काही रशियाकडून लढले, काही ऑस्ट्रियाकडून. एकच भाषा बोलणारे एकमेकांवर गोळ्या झाडत होते. मार्च १९१७ मध्ये रशियात क्रांती होऊन झारचे राज्य कोसळले. त्याच महिन्यात कीव्हमध्ये ‘मध्यवर्ती रादा’ स्थापन झाली. रादा म्हणजे सभा. कोसॅकांच्या सभेलाही हाच शब्द होता. तिचे अध्यक्षपद कोणाला मिळाले असेल? इतिहासकार ह्रुशेव्स्कीला! इतिहास लिहिणाऱ्यावर इतिहास घडवण्याची वेळ आली.

रादाने आधी रशियाच्या अंतर्गत स्वायत्तता मागितली. नोव्हेंबर १९१७ मध्ये बोल्शेविकांनी रशियाची सत्ता घेतली, तेव्हा रादाने ‘युक्रेनियन लोकांचे प्रजासत्ताक’ जाहीर केले. आठ तासांचा कामाचा दिवस ठरवला. फाशीची शिक्षा रद्द केली. २२ जानेवारी १९१८ या तारखेच्या जाहीरनाम्याने पूर्ण स्वातंत्र्याची घोषणा झाली.

त्याच जानेवारीत या प्रजासत्ताकाची पहिली नोट चलनात आली. तिच्यावर चार भाषा होत्या : युक्रेनियन, रशियन, पोलिश आणि ज्यू लोकांची यिद्दिश. घरात एखादी नोट असेल तर ती उलटून पाहा. भारताच्या नोटेच्या मागच्या बाजूला पंधरा भाषांची पट्टी असते. तिच्यात उर्दूही आहे आणि मराठीही आहे. ज्यांच्या भाषेवर बंदी होती, त्यांनी आपल्या पहिल्याच नोटेवर शेजाऱ्यांच्या भाषांना जागा दिली. ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे.

पण दिवस कठीण होते. बोल्शेविकांचे हजारो सैनिक कीव्हकडे निघाले. २९ जानेवारी १९१८ रोजी क्रुती नावाच्या रेल्वे स्थानकाजवळ सुमारे पाचशे तरुणांनी त्यांना अडवले. त्यांत लष्करी शाळेतले आणि महाविद्यालयातले विद्यार्थी होते, काही तर शाळेच्या वरच्या वर्गांतली मुले होती. त्यांतले बरेच जण परत आले नाहीत. थोड्याच दिवसांत कीव्ह पडले.

पुढची तीन वर्षे धामधुमीची गेली. जर्मन सैन्य आले आणि गेले. नोव्हेंबर १९१८ मध्ये ल्विव्हमध्ये पश्चिम युक्रेनचे वेगळे प्रजासत्ताक उभे राहिले. २२ जानेवारी १९१९ रोजी कीव्हमध्ये दोन्ही प्रजासत्ताके एक झाल्याची घोषणा झाली. लोकांच्या डोळ्यांत आनंदाश्रू आले. पण ही एकी कागदावरच राहिली. एका बाजूने पोलंड, दुसऱ्या बाजूने बोल्शेविक, तिसरीकडून झारच्या बाजूचे सेनापती. शहरांतले कामगार बरेचसे रशियन बोलणारे होते. शेतकऱ्यांना जमीन हवी होती आणि ती लवकर वाटली गेली नाही. सैन्य अपुरे होते. मोठ्या राष्ट्रांपैकी कोणी खंबीर साथ दिली नाही. याच धामधुमीत पुन्हा ज्यू वस्त्यांवर भीषण हल्ले झाले आणि हजारो लोक मारले गेले. हल्ले करणाऱ्यांत निरनिराळ्या फौजांचे लोक होते, प्रजासत्ताकाचे सैनिकही होते. नोटेवर शेजाऱ्याची भाषा छापणे सोपे असते. संकटाच्या वेळी त्याच्या घराचे रक्षण करणे अवघड असते. खरी परीक्षा तेथे होते आणि त्या परीक्षेत हे प्रजासत्ताक उतरले नाही.

१९२१ मध्ये रीगा येथील तहाने युक्रेनची पुन्हा वाटणी झाली. १९२२ च्या अखेरीस त्याचा मोठा भाग सोव्हिएत संघाचा घटक बनला. स्वातंत्र्याचा पहिला प्रयत्न असा फसला. पुढे १९३२-३३ मध्ये सरकारने शेतकऱ्यांचे धान्य सक्तीने नेल्यामुळे भयंकर दुष्काळ पडला. गव्हाच्या त्या कोठारात लक्षावधी लोक भुकेने मेले.

मग सगळे वाया गेले का? नाही. २१ जानेवारी १९९० रोजी लाखो लोकांनी हातात हात घालून कीव्हपासून ल्विव्हपर्यंत मानवी साखळी केली. १९१९ च्या एकीच्या घोषणेचा दिवस दुसऱ्या दिवशी होता. २४ ऑगस्ट १९९१ रोजी युक्रेनने स्वातंत्र्य जाहीर केले. १ डिसेंबरला लोकांचे मत घेतले गेले. मत देणाऱ्यांपैकी नव्वद टक्क्यांहून अधिक लोकांनी स्वातंत्र्याला होकार दिला. होकार देणाऱ्यांत घरी रशियन बोलणारेही पुष्कळ होते. २०२२ मध्ये रशियाने या देशावर मोठे आक्रमण केले आणि तेथील मुलांच्या शाळा पुन्हा युद्धाच्या छायेत आल्या. स्वातंत्र्य एकदा मिळाले म्हणजे काळजी मिटली असे होत नाही, हे यावरून दिसते.

आता आपल्या पहिल्या प्रश्नाकडे येऊ. नकाशावर नसलेला देश त्या लोकांनी कोठे सांभाळला? आईच्या अंगाईत, अंध गायकाच्या गाण्यात, खेड्यातल्या वाचनालयात आणि एका शिपायाच्या बुटात.

मुलांनो, तुमच्या दादी-नानींना पुष्कळ गाणी आणि गोष्टी येत असतील. त्या अजून कोणी लिहून ठेवल्या नसतील. आज घरी गेल्यावर त्यांतली एखादी विचारा आणि वहीत उतरवून घ्या. मग जमेल तशी ती मराठीत आपल्या वर्गमित्रांना सांगा. तुम्हांला वही लपवावी लागणार नाही.